कृष्णेचा मासा जतच्या माळावर

जतच्या बाजूला कोणी हौसेनं जात नाही, आणि वैशाखात तर नाहीच नाही. आम्ही नवराबायको गेलो ते पितळेच्या तांब्यात एक जिवंत मासा घेऊन. तो मासा जतला नेऊन गिळायचा, असं माझ्या नवऱ्यानं ठरवलं होतं. तो त्यांच्या गळ्याखाली उतरू द्यायचा नाही, असं मी ठरवलं होतं. दोघंही हट्टी. असा प्रवास कसा झाला ते सांगते; तिकडं न गेलेल्यांना तेवढीच त्या मुलखाची माहिती होईल.

नदीकाठी

आमचं गाव कराडच्या खाली, कृष्णेच्या काठावर. उसाची जमीन, गुऱ्हाळाचा धूर आणि दर तीन घरांत एक पलटणीतला माणूस. आमचे हेही सुभेदार होऊन घरी आले. लढाई संपली, ब्रह्मदेशाच्या जंगलातून माणूस हातीपायी धड परत आलं, म्हणून आम्ही गावजेवण घातलं. पण छातीत दमा घेऊन आलं. दिवसा ठीक, आणि दम्याची लहर फिरली की भिंतीला पाठ लावून बसायचं, खांदे वर उचलायचे आणि तोंड उघडं टाकून वारा ओढायचा. त्या वेळी त्यांच्याकडं बघवत नसे. मी गावच्या मुलींच्या शाळेत शिकवते, माझी जीभ तिखट आहे असं सगळे म्हणतात, पण त्यांना दम लागला की माझ्या तोंडून शब्द फुटायचा नाही.

त्यांची थोरली बहीण, आमच्या वन्सं, लहानपणीच विधवा होऊन माहेरी आलेल्या. आई गेल्यावर ह्यांना त्यांनीच वाढवलं. भावाचा दम जाईपर्यंत पायात वहाण घालणार नाही, असं त्यांनी देवीपुढं बोलून टाकलं होतं. वैशाखाच्या उन्हात बाई अनवाणी शेतात जायची. त्यांनाच कुठूनसं कळलं, की जतच्या पलीकडं धनगरांच्या एका वस्तीवर एक म्हातारा अवसेला दम्याचं औषध देतो. कसला तरी पाला वाटून जिवंत माशाच्या तोंडात भरायचा आणि तो मासा रोग्यानं अख्खा गिळायचा. पोटात तो वळवळत जातो आणि छातीतला कफ खरवडून काढतो म्हणे. त्या माळावर नदी नाही, ओढा नाही, तेव्हा ज्यानं त्यानं आपल्या गावच्या पाण्यातला मासा आपल्या हातानं न्यायचा. वाटेत मेला तर आल्या पावली परत, औषध पुढच्या वर्षी.

मी काही सोवळी नाही. आमच्यात देवाला बोकड पडतो, वाम मासळी मिळाली तर मी स्वतः कालवण करते. पण जीव असलेलं, डोळे असलेलं, हलणारं काही तोंडात घ्यायचं आणि ते आत मरेपर्यंत वाट बघायची, ह्या कल्पनेनंच माझ्या अंगावर काटा आला. मी तसं बोलले. वन्सं म्हणाल्या, तुझी शाळा शाळेत ठेव. ह्यांना विचारलं, तर आक्काला शब्द दिलाय, एवढंच उत्तर.

शब्द दिलाय म्हटल्यावर पलटणीतला माणूस हलत नाही, हे मला ठाऊक होतं. म्हणून मीही एक शब्द घेतला. वाटेत सांगलीला थांबायचं आणि डॉक्टरला छाती दाखवायची. सुभेदार म्हणाले, दाखवू की, पण मासा गिळणार. मी मनात म्हटलं, बघू.

वन्संनी लुगड्याचा पदर उथळ पाण्यात धरून मरळीचं एक पिल्लू पकडलं. करंगळीएवढं, काळसर, चपळ. फिरकीच्या झाकणाचा तांब्या होता, त्यात नदीचं पाणी घालून सोडलं, वर फडकं बांधलं आणि भावाच्या हातात देताना त्याच्या तोंडावरून हात फिरवला. भावाच्या म्हणजे, माशाच्या नव्हे.

सांगली

सांगलीत माझी मैत्रीण चंपाताई राहते. पुण्याला ट्रेनिंगला आम्ही एका खोलीत होतो. ती जैन, दिवेलागणीच्या आत जेवणारी, पाणी तिपदरी फडक्यातून गाळल्याशिवाय तोंडाला न लावणारी. हळदीच्या बाजारामागं तिचं घर, त्यामुळं दारात पाय टाकला की नाकात हळद. सुभेदारांना तिथंच शिंका सुरू झाल्या.

तांब्यात काय आहे हे सांगितल्यावर तिनं काय करावं? आधी दोन पावलं मागं सरली, मग पुढं येऊन फडकं सोडलं आणि म्हणाली, पाणी गढूळ झालंय की. माशाला गाळलेलं पाणी मिळालं ते तिच्या घरी. पसरट पातेल्यात सोडला, तर तो घडीघडीला वर यायचा, पाण्याबाहेर तोंड काढून वारा घ्यायचा आणि खाली जायचा. मरळ वाऱ्यावर जगते, हे नदीकाठी जन्म काढून मी कधी नीट पाहिलंच नव्हतं. आमच्याकडं मासा दिसतो तो टोपलीत नाही तर तव्यावर.

जेवायला मुगाची आमटी, भात आणि वर तूप, असं साधं आणि फार चवदार होतं. आमच्या घरी आमटीत कांदालसूण नसेल तर पुरुष ताट सरकवतील. जेवताना मी तिला तावातावानं सगळं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं आणि शांतपणे विचारलं, "कापून खाल्लं की चालतं का गं मग?"

पुष्कळ विचार करून म्हटलं, कापणारा निदान एका घावात सोडवतो. तिला ते पटलं नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही पुरतं पटलं नाही. पण घाव घालून मारणं आणि जिवंत पोटात कोंडणं ह्यात फरक आहे, हे मी सोडलं नाही. ती हसून म्हणाली, फरक माशाला विचार.

डॉक्टर वयस्कर होते, चिडके होते, पण छाती त्यांनी नीट तपासली. मासा गिळायला निघालोय म्हटल्यावर कानातली नळी काढून ठेवली. त्यांनी सांगितलं ते मी लक्ष देऊन ऐकलं. आपण घास गिळतो तो मेलेला असतो, जिकडं ढकलू तिकडं जातो. जिवंत मासा त्याला वाटेल तिकडं जाणार. श्वासाच्या नळीत शिरला तर धडधाकट माणूसही गुदमरतो, आणि ह्यांचा श्वास तर आधीच अर्धा. शिवाय कच्च्या माशातून पोटात जंत जातात ते निराळेच. दमा मुळातून काढणारं औषध आपल्यापाशी नाही, हेही त्यांनी लपवलं नाही. दम लागला तर घ्यायच्या गोळ्या दिल्या, त्यानं छाती मोकळी होईल म्हणाले.

बाहेर आल्यावर सुभेदार म्हणाले, बघ, मुळातनं काढायचं औषध त्यांच्याकडं न्हाई. सगळ्या बोलण्यातलं तेवढंच नेमकं ह्यांनी उचललं. गोळ्या मी माझ्या पिशवीत ठेवल्या.

छोट्या गाडीत

मिरजेहून पूर्वेला जी छोटी गाडी जाते तिच्यात बसलं की आपला मुलूख मागं पडतो. ऊस संपतो, मळे संपतात. मग काळी रानं, मग तांबडी, मग नुसते दगड. आमच्याकडं माणसं शेताला नदीचं नाव लावतात, इकडं विहिरीचं लावतात, आणि विहिरीला पाणी असेल तर तिची गोष्ट सांगतात.

निघताना सुभेदारांनी एक गोष्ट केली, ती आमच्यासारख्या नदीकाठच्या माणसालाच सुचेल. भरलं भांडं घेऊन निघावं, अर्धं भांडं घेऊन निघू नये, ही आमच्याकडची रीत. त्यात पुढं पाण्याचा दुष्काळ. त्यांनी तांब्या काठोकाठ भरला आणि थेंब सांडू नये म्हणून फिरकीचं झाकण घट्ट आवळलं. मोठ्या समाधानानं माझ्या मांडीवर दिला आणि खिडकीला डोकं टेकून डोळे मिटले.

दुपारची वेळ. डबा तापलेला. थोड्या वेळानं तांब्यातून टक्‌ असा आवाज आला. पुन्हा टक्‌. मला वाटलं गाडीचा खडखडाट. मग हाताला कळलं. मासा झाकणाला तोंड आपटत होता. वर यायचा, वारा शोधायचा, आणि वर वाराच नव्हता. पाण्याखाली पाणी आणि पाण्यावर पितळ.

मला काही करायची गरज नव्हती. नुसतं गप्प बसलं की झालं. मेलेला मासा चालत नाही. म्हाताऱ्यानं परत पाठवलं असतं, ह्यांचा शब्दही राहिला असता, आक्कापुढं मानही राहिला असता आणि माझा हट्टही. हे सगळं माझ्या मनात अगदी स्वच्छ आलं. आवाज थोडा मंद झाला. माझ्या डोळ्यांपुढं भिंतीला टेकून बसलेले सुभेदार आले, ते उचललेले खांदे आले, आणि माझा मलाच इतका राग आला की मी झाकण उघडताना बोट कापून घेतलं.

अर्धं पाणी मी खिडकीबाहेर ओतलं. त्या आवाजानं हे जागे झाले आणि भडकलेच. जतला निघालोय आणि पाणी ओततीस, डोस्कं फिरलंय का तुझं? मी तांब्या त्यांच्या पुढं धरला. मासा वर तरंगत होता, अर्धा कुशीवर. तोंड उघडं, मिटलेलं, उघडं. बराच वेळ तसाच राहिला. मग सरळ झाला.

ह्यांनी तांब्या माझ्या हातातून घेतला तो शेवटपर्यंत परत दिला नाही. "दम लागलाय त्येला," एवढंच म्हणाले, आणि झाकण खिशात टाकलं.

माळावर

स्टेशनपासून बैलगाडी केली. रस्ता असा नाहीच, मेंढरांनी पाडलेली वाट. धुरळा एवढा की मी पदर नाकाला लावला आणि ह्यांनी उपरणं, पण तांब्यावर त्यांनी स्वतःची टोपी धरली होती.

वस्तीवर एका धनगराच्या घरी उतरलो. घरातल्या म्हातारीला सगळे अव्वा म्हणत. बोलणं निम्मं कानडी, निम्मं मराठी. आमच्याकडं पाहुणा आला की आधी तांब्याभर पाणी पुढं करतात, पाय धुवायला बादली वेगळी. इथं अव्वानं आधी गुळाचा खडा दिला आणि मग वाटीभर पाणी, तेही आम्ही पिईपर्यंत समोर उभं राहून. मला ते चमत्कारिक वाटलं. मग कळलं, विहीर दोन टेकड्यांपलीकडं आहे आणि घागर सुना डोक्यावरून आणतात. आमच्या घरी मी सकाळी अंगणात जेवढं पाणी शिंपडते तेवढ्यात ह्या घराचा दिवस निघतो. त्या वाटीतलं शेवटचं घोटभर मी टाकलं असतं एरवी, तिथं प्यायले.

अव्वानं तांब्यात डोकावून पाहिलं आणि न मागता वाटीभर पाणी त्यात ओतलं. मी म्हटलं, राहू द्या, लांबून आणताय. ती म्हणाली, "पावना हाय की त्यो बी."

जेवायला जोंधळ्याची भाकरी, शेंगदाण्याची चटणी आणि हुलग्याचं पातळ माडगं. हुलगे आमच्याकडं बैलाला घालतात. मी भीत भीत ओठाला लावलं आणि दुसऱ्यांदा मागून घेतलं. सुभेदारांना मात्र घास गेला नाही. धुरळ्यानं संध्याकाळच्या आतच त्यांची छाती भरली होती. अंगणात कडुलिंबाला टेकून बसले, खांदे वर गेले. मी गोळी काढली. घेईनात. उद्या औषध घ्यायचं, आज दुसरं काही नको, म्हणे. मी हात जोडले, मग रागावले, शेवटी म्हटलं, माझ्यासाठी नको, तुमच्या आक्कासाठी घ्या, ती अनवाणी हिंडतीय. तेव्हा घेतली. हळूहळू खांदे खाली आले. शेजारी तांब्यात मासा वर येत होता, वारा घेत होता, खाली जात होता. हे त्याच्याकडं बघत बसले होते.

अवस

सकाळी म्हाताऱ्याच्या दारात माणसंच माणसं. गडू, तांबे, मडकी, कोणाच्या घागरी. दोन रांगा होत्या. एक आमच्यासारख्यांची, मासेवाल्यांची. दुसरी लिंगायतांची आणि जैनांची. त्यांना तोच पाला गुळाच्या गोळीतून मिळत होता. हे मला कोणी आधी सांगितलं नव्हतं.

म्हातारा लबाड नव्हता, हे मी मुद्दाम लिहिते. पैसा घेत नव्हता, नारळसुद्धा परत देत होता. आजानं दिलं, बापानं दिलं, म्हणून मी देतो, असं त्याचं सरळ होतं. पण तो काय करतो ते मी बघत होते. माशाच्या तोंडात पाला भरायचा, रोग्याचं तोंड उघडायचं, दोन बोटांनी मासा घशात ढकलायचा. तीच बोटं पुढच्याच्या तोंडात. रांगेत एक बाई खोकून पदरात थुंकत होती आणि पदर लाल होत होता. ती काही दमेकरी नव्हती, तो क्षय होता, आणि तिच्या मागं आठ-दहा तोंडं आ करून उभी होती.

आमच्या पुढं एक दणकट गडी होता, कवठ्याकडचा. त्यानं आ केला, मासा आत गेला, आणि गडी मुकाच झाला. आवाज नाही, खोकला नाही. दोन्ही हात गळ्याकडं गेले, तोंड आधी तांबडं, मग काळंनिळं. लोक म्हणत होते, वळवळतंय, गुण येतोय. आमचे सुभेदार ओरडले, "गुण न्हाई रं, गुदमारतोय!" त्यांनी त्याला कंबरेत धरून ओणवा केला आणि पाठीत असे दणके घातले की मासा धुरळ्यात येऊन पडला. गडी जमिनीवर बसून लहान पोरासारखा रडला. आणि मासा पाला थुंकून तडफडत होता, त्याच्याकडं कोणी बघितलंसुद्धा नाही.

म्हाताऱ्यानं पाल्याची वाटी खाली ठेवली. पण रांग मोडली नाही. सुभेदार रांगेत आपल्या जागी जाऊन उभे राहिले, तेव्हा माझा धीर सुटला आणि जीभ मोकळी झाली. मी पुढं झाले आणि म्हाताऱ्याला सगळ्यांसमोर विचारलं, की बाबा, पलीकडच्या रांगेत गुळातनं देता, त्यांना गुण कमी येतो का?

तो विचारात पडला. म्हणाला, "कुनाला ठावं, बाई. बरं झालेलं परत येत न्हाई. आन बरं न झालेलं बी येत न्हाई."

एवढं खरं बोलणारा माणूस मी फार कमी पाहिला. मी ह्यांच्याकडं वळले. म्हटलं, "ऐकलंसा? आता तुमी गिळायचा म्हनालासा तर मी ह्या रांगेतनं हलनार न्हाई. माझ्या अंगावरनं जावा."

सुभेदारांनी तांब्यात हात घातला आणि मासा तळव्यावर घेतला. तो तडफडला नाही. तोंड उघडून वारा घेत राहिला. ते त्याच्याकडं बघत होते, आणि मग म्हाताऱ्याला नव्हे, मला उद्देशून बोलले. ब्रह्मदेशातलं ते घरी कधी एक अक्षर बोलले नव्हते.

"जंगलात राशन तुटलं, तवा आमी हातात घावंल त्ये खाल्लंय. जित्तं. तोंडात हलत होतं, आन मी दात आवळलं. अजून जेवताना कवा कवा हलतंय. तवा इलाज न्हवता. आता हाय."

त्यांनी मासा तांब्यात सोडला. म्हाताऱ्याला राम राम केला आणि गुळाच्या रांगेकडं बोट करून म्हणाले, बाबा, सगळ्यास्नी तसंच द्या, आन बोटं न घालता हातावर द्या. म्हाताऱ्यानं लगेच मान डोलावली, असं काही झालं नाही. पण तो कवठ्याचा गडी उठून गुळाच्या रांगेत गेला, आणि त्याच्या मागून आणखी काही माणसं गेली. ती खोकणारी बाई जिथं होती तिथंच राहिली. मी तिला सांगलीच्या डॉक्टरचा पत्ता सांगितला. तिनं ऐकलं की नाही, कळलं नाही, आणि ते मला अजून लागून राहिलंय.

माघारी

मासा कुठं सोडायचा? अव्वाच्या विहिरीत सोडावा, तर पंधरवड्यात विहीरच आटणार. सांगलीच्या घाटावर सोडू म्हटलं, तीच कृष्णा. सुभेदार नको म्हणाले, ज्या घाटाचा त्या घाटाला. अर्धा तांब्या, उघडं तोंड, वर टोपी, असा तो सगळा मुलूख ओलांडून परत आला. डब्यातल्या एका माणसानं विचारलं, काय औषध आणलंत वाटतं? हे म्हणाले, व्हय.

घर जवळ येऊ लागलं तसा मात्र सुभेदारांचा चेहरा उतरला. रांगेत न डगमगलेला माणूस, आक्काला काय सांगायचं म्हणून वेशीपाशी दोनदा थांबला. मी म्हटलं, मी सांगते. ते म्हणाले, शब्द मी दिला हुता.

वन्सं दारातच उभ्या होत्या, अनवाणी. भावाच्या तोंडाकडं बघत म्हणाल्या, "गिळलास न्हवं?"

ह्यांनी तांब्या पुढं केला. "न्हाई आक्का. माघारी आणलाय." आणि मग उभ्या उभ्या सगळं सांगितलं, तो गुदमरलेला गडी, गुळाची रांग, म्हाताऱ्याचं बोलणं. जंगलातलंही सांगितलं. मी पिशवीतून गोळ्या काढून पुढं धरल्या आणि आता वीज पडणार म्हणून अंग चोरून उभी राहिले.

वन्सं तांब्या घेऊन उजेडात गेल्या, आत वाकून पाहिलं, आणि मान वर केली तेव्हा त्यांचा चेहरा रागानं लाल झाला होता.

"लय खंगलाय की रं," म्हणाल्या. "येवढं दिस त्येला काय खायला घातलंसा का न्हाई?"

वन्सं आत गेल्या, मूठभर पीठ पदरात घेऊन बाहेर आल्या आणि तांब्या पोटाशी धरून नदीकडं चालू लागल्या. चार पावलांवर थांबल्या, परत आल्या, आणि कोनाड्यातल्या वहाणा काढून पायात घातल्या.

"ती गोळी त्येला येळच्या येळंला देत जा गं," मला म्हणाल्या, आणि गेल्या.